नाव वेगळ्या कागदावर

प्रति,
माननीय मंत्री महोदय आणि सचिव महोदय,
कार्मिक, लोकतक्रार व निवृत्तिवेतन मंत्रालय,
भारत सरकार, नवी दिल्ली.

विषय : 2014 साली मंजूर झालेल्या, जागल्यांना म्हणजे गैरव्यवहार उघड करणाऱ्यांना संरक्षण देणाऱ्या कायद्याला अमलाची तारीख मिळण्याबाबत.

महोदय, स.न.वि.वि.

मी तुमचा पेन्शनर. ग्वाल्हेरच्या एजी ऑफिसात, म्हणजे महालेखाकार कार्यालयात, 36 वर्षं ऑडिट केलं. इथे गावातल्या लष्कर भागातल्या मराठी घरांमध्ये एके काळी मुलगा एजीत लागला की पेढे वाटत आणि मुलीकडचे लोक पत्रिका घेऊन यायला लागत. तुमच्या मंत्रालयाच्या पाटीवर तक्रार आणि पेन्शन एका ओळीत लिहिलेत, ते मला नेहमी गमतीचं वाटत आलंय. आज दोन्ही नात्यांनी लिहितो.

दर नोव्हेंबरात मी जिवंत असल्याचं तुम्हाला कळवतो. पूर्वी बँकेत जाऊन रजिस्टरवर सही केली की भागायचं. मग अंगठ्याचं यंत्र आलं. व्हाउचरं उलटून उलटून माझ्या बोटांच्या रेघा झिजल्यात, त्यामुळे यंत्र मला ओळखायचंच नाही, काउंटरवरचा मुलगा म्हणायचा, "अंकल, थोडा क्रीम लगाइए." आता पुतणी येते, गच्चीत उजेडाकडे तोंड करून बसवते, मोबाइल समोर धरते आणि सांगते, "काका, डोळे मिचकवा." मी मिचकवतो. हिरवी खूण उमटते. पुढच्या नोव्हेंबरापर्यंत मी जिवंत.

यात माझी काही तक्रार नाही, सोय चांगलीच आहे. पण त्या हिरव्या खुणेकडे पाहताना ऑडिटरच्या डोक्यात जमाखर्च सुरू होतोच. माझा अंगठा, चेहरा, आधार, बँक खातं, मोबाइल, सगळं तुमच्याकडे जमा. तुमच्याकडून माझ्याकडे काय आलं?

गेल्या वर्षी पावसाळ्याआधी आमच्या गल्लीत रस्ता झाला. जुना रस्ता न खोदता त्याच्याच डोक्यावर काँक्रीट ओतलं. आमची पायरी रस्त्याच्या खाली गेली आणि पहिल्याच सरीला पाणी ओसरीत आलं. मी एका सरकारी तक्रार पोर्टलवर नोंद केली. पोर्टल कोणतं ते लिहीत नाही, कारण दोष एका पोर्टलचा नाही. ओटीपी आला, तक्रार क्रमांक आला. तिसऱ्या दिवशी सकाळी साडेनवाला फोन : "अंकल, वो शिकायत आप ही ने डाली है ना? कटवा दीजिए, आपका काम हो जाएगा." कोण बोलतंय विचारलं तर ठेकेदाराचा माणूस. त्याच्याकडे माझा तक्रार क्रमांक होता, मोबाइल तर होताच. वर म्हणाला, "घर हम जानते हैं, मंदिर के बाजू में, हरा फाटक."

फाटक हिरवंच आहे.

तो उद्धट बोलला नाही. धमकी होती का, असं मला विचाराल तर ऑडिटच्या भाषेत पुरावा अपुरा. पण बायको पुढचा आठवडाभर रात्री उठून कडी तपासत होती.

हे कसं घडतं ते तुम्हाला माझ्यापेक्षा नीट ठाऊक आहे. तक्रार ज्याच्या कामाबद्दल, त्याच खात्याच्या सगळ्यात खालच्या अधिकाऱ्याकडे ती आधी जाते, नाव आणि मोबाइलसकट. तिथे निपटली नाही तरच वर चढते. म्हणजे चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या देऊन वर त्याला किल्ली कोणी बनवली तेही सांगायचं.

पुढे डिसेंबरात मी माहितीच्या अधिकारात अर्ज टाकला. दहा रुपयांचा. त्या रस्त्याच्या मेजरमेंट बुकाची प्रत मागितली. आमच्या भाषेत एमबी. एमबीत माप कोणी घेतलं, कोणी तपासलं, त्यांच्या सह्या असतात. त्या सहीवर तर बिल निघतं. उत्तर आलं, वैयक्तिक माहिती असल्याने कलम 8(1)(जे) अन्वये देता येत नाही.

ठेकेदाराच्या माणसाला माझ्या फाटकाचा रंग माहीत असू शकतो. मला मात्र माझ्या दारातल्या रस्त्याचं माप कोणी घेतलं हे कळू शकत नाही, कारण ती त्याची खासगी बाब. आमच्या मराठी वहीखात्यात दोन बाजू असतात, जमा आणि नावे. इथे जमेचं नावे पडलंय.

हे आठ-एक-जे पूर्वी असं नव्हतं. 2005 च्या कायद्यात ते बेतून लिहिलेलं होतं : ज्या वैयक्तिक माहितीचा सार्वजनिक कामाशी संबंध नाही, किंवा जी दिल्याने एखाद्याच्या खासगीपणावर विनाकारण आक्रमण होईल, ती नाकारता येते, व्यापक जनहित असेल तर तीही द्यायची. शिवाय खाली एक परंतुक होतं. जी माहिती संसदेला किंवा विधिमंडळाला नाकारता येत नाही, ती कोणत्याही माणसाला नाकारायची नाही. मला ते परंतुक फार आवडायचं. संसदेला आणि आमच्या गल्लीला एकच माप! 2023 च्या डिजिटल वैयक्तिक विदा (डेटा) संरक्षण कायद्याने कलम 44(3) मधून हे सगळं काढलं आणि "वैयक्तिक माहिती" एवढेच शब्द ठेवले. नोव्हेंबर 2025 पासून ते लागूही झालं. विदा कायदा दुसऱ्या मंत्रालयाचा, हे मी जाणतो. पण माहितीचा अधिकार तुमच्या खात्यात येतो, आणि परंतुक त्या घरातून गेलंय.

उलट बाजूचं व्हाउचरही लावतो. कलम 8(2) अजून शाबूत आहे आणि जनहित मोठं असेल तर त्याखाली माहिती देता येते, असं सरकार म्हणतं. खरं आहे. पण जनहित मोठं की नुकसान मोठं, ते ठरवणार त्याच कार्यालयातला बाबू, ज्याच्या शेजारच्या टेबलावर एमबी लिहिणारा बसतो. पूर्वी त्याला नाही म्हणायला कारण शोधावं लागायचं. आता हो म्हणायला शोधावं लागेल. सरकारी कचेरीत ज्याने एक दिवस जरी काढला असेल त्याला या दोहोंतलं अंतर सांगायला नको.

मी खासगीपणाच्या विरुद्ध नाही, हे कृपा करून लक्षात घ्यावं. 24 ऑगस्ट 2017 ला सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे असं सांगितलं, तेव्हा मी घरी साखरभात करायला लावला होता. पण खासगीपणा माणसाला असतो. एमबीला कसला? आणि माणसांतही कोणाला मिळाला पाहा. रोजगार हमीच्या कामावरच्या मजुरांचे दिवसातून दोनदा फोटो काढून, जागेच्या खुणेसह ॲपवर चढवायची सक्ती जानेवारी 2023 पासून झाली. उन्हात उभ्या असलेल्या बायकांचे ते फोटो संकेतस्थळावर कोणीही पाहावे असे. इतकं करून गैरप्रकार थांबले का? जुलै 2025 मध्ये ग्रामीण विकास मंत्रालयालाच परिपत्रक काढून सांगावं लागलं की फोटोचेच फोटो काढून चढवले जातायत. मजुराचा चेहरा उघडा, आणि त्याच कामाच्या बिलावरची सही वैयक्तिक!

आता माझी स्वतःची एक नोंद. जिल्हा सांगत नाही, साल सांगत नाही, खातंही मोघमच सांगतो.

नव्वदच्या दशकात आमची ऑडिट पार्टी बांधकामाच्या एका कार्यालयात गेली होती. चौघं आम्ही, एक लोखंडी पेटी, एक स्टोव्ह आणि डाक बंगल्यात पंधरा दिवसांचा मुक्काम. तिथला स्टोअर कीपर पंचविशीतला होता. स्वेटरच्या दोन्ही कोपरांना ठिगळं. रोज सकाळी रजिस्टरं आणून टेबलावर ठेवायचा आणि एक शब्द न बोलता जायचा. सहाव्या दिवशी गठ्ठ्यात एक वही जादा निघाली. रोड रोलरची लॉग बुक. आम्ही ती मागितलीच नव्हती. उघडली तर एका पानात काडेपेटीची काडी आडवी ठेवलेली, खूण म्हणून.

मी ते पान डिझेलच्या इंडेंटशी, म्हणजे मागणीपत्राशी ताडलं. एकच रोलर एकाच तारखेला, चाळीस किलोमीटर अंतरावरच्या दोन रस्त्यांवर आठ आठ तास चालला होता. रोलर, महोदय! ज्याच्या पुढून बैलगाडी निघून जाते तो. मग मागची पानं चाळली, तसे 26 दिवस सापडले.

संध्याकाळी पाण्याचा जग ठेवायला आला तेव्हा तो हळूच म्हणाला, "बाबूजी, हमारा नाम मत लिखना." मी म्हटलं, "नहीं लिखूंगा." आणि नाही लिहिलं. आमच्याकडे शंका विचारायच्या कागदाला हाफ मार्जिन म्हणतात. अर्धा कागद आमचा, अर्धा मोकळा, समोरच्याच्या उत्तरासाठी. त्यावर मी माझ्या सुवाच्य अक्षरात इंग्रजीत सुरुवात केली. मराठीत सांगायचं तर, "भांडारातून उपलब्ध झालेल्या लॉग बुकच्या तपासणीत असे दिसून आले की..."

भांडारातून. वाक्याला वजन यावं म्हणून मी तो शब्द घातला, दुसरं काही कारण नव्हतं. लॉग बुक खरं तर रोलरच्या ड्रायव्हरकडे किंवा ओव्हरसियरकडे असायला हवी. भांडाराच्या कपाटात ती कशी आली आणि कोणी ठेवून घेतली, हे ज्याला कळायचं त्याला त्या एका शब्दावरून कळलं. कपाटाची किल्ली एकाच माणसाच्या कमरेला होती. एरवी हाफ मार्जिन परत यायला दोन दिवस लागत. तो चार तासांत आला. उत्तराच्या बाजूला एवढंच, "नोटेड फॉर कंप्लायन्स." दुसऱ्या दिवशी रजिस्टरं घेऊन वेगळाच माणूस आला.

आमचा पॅरा, म्हणजे अहवालातला आक्षेप, टिकला. थोडीफार वसुलीही झाली. मला कौतुकाचं पत्र मिळालं. त्याची बदली जिल्ह्याच्या टोकाच्या उपविभागात झाली, जिथे स्टोअरच नव्हतं.

त्यानंतर 2003 मध्ये सत्येंद्र दुबे यांची बातमी वाचली तेव्हा मी पेपर घडी घालून ठेवून दिला. राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरणातला तरुण इंजिनिअर. सुवर्ण चतुष्कोणाच्या कामातल्या गैरव्यवहाराबद्दल 2002 मध्ये त्याने थेट पंतप्रधान कार्यालयाला लिहिलं आणि नाव गुप्त ठेवा अशी विनंती केली. पत्र नावासकट टेबलाटेबलांवरून फिरलं. 27 नोव्हेंबर 2003 ला गयेत त्याचा खून झाला. खून लुटीसाठी झाला असा तपासाचा निष्कर्ष निघाला, 2010 मध्ये तिघांना शिक्षाही झाली. त्या निष्कर्षावर लोकांचं समाधान झालं नाही, तो वाद वेगळा. ज्यावर वाद नाही ते एवढंच, की नाव झाका म्हणणाऱ्याचं नाव झाकलं गेलं नाही. फाइलवर शेरे मारणाऱ्यांपैकी कोणाच्या मनात वाईट होतं असंही मला वाटत नाही. पत्र आलं, मार्क केलं, पुढे पाठवलं. मीही "भांडारातून" असंच लिहिलं होतं.

त्या खुनानंतर एप्रिल 2004 मध्ये केंद्राने ठराव केला आणि केंद्रीय दक्षता आयोगाला अशा तक्रारी घ्यायला सांगितलं. त्याची पद्धत मी वाचलीय. बंद पाकीट, पाकिटावर जनहित प्रकटीकरणाची तक्रार असं लिहायचं, बाहेर नाव नाही. निनावी तक्रार चालत नाही, पण नाव-पत्ता आत वेगळ्या कागदावर देता येतो. आणि सूचना अशी, की मजकूर जपून लिहा, त्यातून तुमचा माग लागता कामा नये. महोदय, हे मला त्या वयात, तेवढ्या अनुभवानंतर, दुसऱ्यासाठी जमलं नाही. घाबरलेल्या माणसाला स्वतःसाठी जमेल?

आणि आता तर शब्दही चुकावा लागत नाही. फाइल कोणत्या लॉगिनने उघडली, किती वाजता, कोणत्या प्रिंटरवर प्रत काढली, सगळं आपोआप नोंदलं जातं. अमेरिकेत 2017 मध्ये एका गुप्त अहवालाची प्रत एका वृत्तसंस्थेपर्यंत पोचली, तेव्हा तपास करणाऱ्यांनी नोंदी पाहिल्या. त्याची प्रिंट काढणारे सहा जण होते. सहांपैकी एकीचाच त्या वृत्तसंस्थेशी ईमेल झालेला. रिॲलिटी विनर नावाची ती बाई काही दिवसांत कोठडीत होती. आमच्या कपाटाची एक किल्ली होती, त्यांच्या सहा, फरक तेवढाच.

संरक्षण मिळालं तरी ते कसं असतं तेही आमच्या गावाने पाहिलंय. व्यापमं, म्हणजे मध्य प्रदेशातल्या प्रवेश आणि भरती परीक्षांच्या घोटाळ्याबद्दल बोलणाऱ्यांपैकी आशीष चतुर्वेदी इथलाच, विद्यार्थी दशेतला. 2015 च्या सुमारास तो सायकलवरून गावात फिरायचा आणि संरक्षणासाठी दिलेला हत्यारी शिपाई त्याच्यासोबत असायचा. लोक हसायचे. मला हसू आलं नाही. दूरवरूनही दिसायचं की तो माणूस आला. ते प्रकरण 9 जुलै 2015 ला सर्वोच्च न्यायालयाने सीबीआयकडे दिलं, पुढे 2017 मध्ये 634 विद्यार्थ्यांचे वैद्यकीय प्रवेश रद्द ठरले. एवढं सगळं बाहेर आलं ते काही माणसांनी तोंड उघडलं म्हणून, आणि त्या माणसांसाठी देशात चालू असलेला एकही कायदा नव्हता.

कायदा होता, पण तो चालू नव्हता. लोकसभेने डिसेंबर 2011 मध्ये मंजूर केला, राज्यसभेने 21 फेब्रुवारी 2014 ला, राष्ट्रपतींची सही 9 मे 2014 ला. जागल्यांच्या संरक्षणाचा कायदा. तक्रारदाराचं नाव फोडणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि 50 हजारांपर्यंत दंड त्यात आहे. 1923 च्या गोपनीयता कायद्यात काहीही असलं तरी अशी तक्रार करता येईल, असंही आहे. फक्त पहिल्याच कलमात लिहिलंय की केंद्र सरकार अधिसूचनेने जी तारीख ठरवील त्या तारखेपासून हा अमलात येईल. ती तारीख आजतागायत ठरलेली नाही. 2015 मध्ये सुरक्षिततेचं कारण सांगून दुरुस्ती विधेयक आलं, गोपनीयता कायद्यापासूनचं संरक्षण काढून घेणारं. 13 मे 2015 ला लोकसभेने मंजूर केलं, राज्यसभेत अडकलं आणि पुढे ती लोकसभा संपली तसं तेही संपलं. मूळ कायदा मात्र पुस्तकात बसून आहे. आमच्याकडे अशा रकमेला सस्पेन्स खातं म्हणत. ज्याचं काय करायचं ते ठरत नाही, ते तिथे टाकायचं आणि दर मार्चला पुढे ओढायचं.

सगळंच चव्हाट्यावर मांडा असं मी म्हणत नाही. सैन्याच्या, हेरांच्या गोष्टी झाकलेल्याच बऱ्या. (गुप्तचर खात्यांतल्या निवृत्तांनी परवानगीशिवाय लिहू नये असा नियम तुम्ही मे 2021 मध्ये केलात, मी त्या यादीत नाही, म्हणून हे पत्र.) पण गुपित फार जपलं की धन्याचंही नुकसान होतं, याची गोष्ट इथल्या किल्ल्यात पुरलेली आहे. शिंद्यांची गंगाजळी. सांगतात की खजिन्याच्या जागेची सांकेतिक खूण, बीजक, एकट्या जयाजीरावांना ठाऊक होती. 1886 मध्ये ते गेले तेव्हा त्यांचे पुत्र माधवराव नऊ-दहा वर्षांचे. पुढे राज्याच्याच मालकाला राज्याचाच खजिना वर्षानुवर्षं शोधत फिरावं लागलं.

तर माझी मागणी मोठी नाही. ती तारीख ठरवा. एका पानाच्या अधिसूचनेचं काम आहे, दुरुस्तीची वाट पाहत बसू नका. तक्रार पोर्टलांवर तक्रार एका खणात आणि तक्रारदाराचं नाव-मोबाइल दुसऱ्या खणात ठेवायला लावा. ज्याच्याबद्दल तक्रार आहे त्याला पहिलाच खण दिसावा. त्यातही गल्ली, वेळ, फोटोचा कोन, अशा खुणा काढून मगच तो मजकूर खाली जावा, आणि हे काम तक्रारदाराच्या गळ्यात न घालता तुमच्या माणसाने करावं. दुसरा खण कोणी उघडला, कधी उघडला, याची नोंद तक्रारदाराला दिसावी. नोंदी ठेवणं सरकारला येत नाही असं कोण म्हणेल? मी डोळे किती वेळा मिचकवले तेसुद्धा तुमच्याकडे असेल. आणि ते परंतुक मूळ शब्दांत परत आणायला दुसऱ्या मंत्रालयाला सांगा.

एक राहिलं. दोन वर्षांपूर्वी महाराज बाड्यावर, टाउन हॉलसमोर, एका म्हाताऱ्याने मला हाक मारली. मी ओळखलं नाही. तो हसला आणि दोन्ही हातांनी रजिस्टरांचा गठ्ठा टेबलावर ठेवल्यासारखं केलं, तेव्हा ओळख पटली. आम्ही चहा घेतला. त्याच्या मुलीचं लग्न, माझं मोतीबिंदूचं ऑपरेशन, उन्हाळा, असं बोलत बसलो. मी विषय काढायच्या बेतात होतो तेवढ्यात कपातली साय बोटाने बाजूला करत तोच म्हणाला, "बाबूजी, नाम तो आपने नहीं लिखा था."

चहाचे पैसे त्याने मला देऊ दिले नाहीत.

खुल्या पत्राखाली नाव असायला हवं, हे मला कळतं. पण माझं नाव लिहिलं तर मी कोणत्या साली कोणत्या पार्टीत होतो आणि कुठे कुठे गेलो, हे एजी ऑफिसच्या पुलावर फिरायला येणारे दहा पेन्शनर बसल्या जागी सांगतील. आणि मग त्याचंही नाव निघेल.

आपला नम्र,
एक निवृत्त लेखापरीक्षक
लष्कर, ग्वाल्हेर
(नाव-पत्ता पाकिटात, वेगळ्या कागदावर)